रजाचाचांनी लावलेले कुलूप

गेल्या मोहरमच्या नवव्या दिवशी, दुपारच्या नमाजानंतर, गुलाम रजा यांनी खाडीकाठच्या शिया मशिदीला कुलूप लावले. दुसऱ्या दिवशी आशुरा होता, इमाम हुसेन यांच्या शहादतीचा दिवस. मोहरमच्या पहिल्या दहा दिवसांत मशिदीचे दार कधी बंद झाल्याचे गावात कोणाला आठवत नव्हते.

गाव पेण तालुक्यातले. रजाचाचा रोह्याच्या एका कंपनीत फिटर होते. निवृत्तीनंतर मशिदीची देखभाल त्यांच्याकडे आली. शियांची बहुतेक घरे मुंब्र्याला गेली. ती माणसे फक्त मोहरमला, मजलिसच्या शोकसभेसाठी येतात. आमचे घर मशिदीसमोर. रोज सकाळी चाचा भिंतीला तळहात लावून उभे दिसत. काय बघता, असे विचारले की म्हणत, "ताप हाय का बघतो."

मशीद जांभ्या दगडाची, कौलारू, सागाच्या खांबांची. मिनार नाही. कोनाड्यात मोहरमचे पंजे आणि सिजद्यात कपाळ टेकवायच्या कर्बलाच्या मातीच्या वड्या. गलबतांतून आलेल्या व्यापाऱ्यांनी ती बांधली असे सांगतात. त्याला कागदी पुरावा नाही. किब्ला, म्हणजे नमाजाची दिशा, पश्चिमेला, म्हणून मेहराबाचा कोनाडा पश्चिमेच्या भिंतीत. पाऊसही तिकडूनच झोडपतो.

मोहरम चंद्रावर चालतो, दरवर्षी थोडा अलीकडे सरकतो. काही वर्षांपूर्वी तो भर पावसात आला. पश्चिमेच्या भिंतीचा चुना सुटला होता. पावसात चुना सुकत नाही, दिवाळीपर्यंत थांबा, असे गवंड्याने सांगितले. चाचांना आशुराला भिंत पांढरी हवी होती. त्यांनी दोन्ही बाजूंनी सिमेंटचा गिलावा करून वर पांढरा रंग मारून घेतला. मुंब्र्याच्या मंडळींनी कौतुक केले. पुढे खारी ओल गिलाव्याआड अडकली, जांभा भुसभुशीत झाला आणि भिंतीला आतून पोट आले.

"चुन्याला घाई नव्हती, आम्हाला व्हती," चाचा म्हणत. मग थांबून दुरुस्ती करत, "मला."

कुलूप पाहून मुंब्र्याहून आलेला पुतण्या कासिम भडकला. "चाचा, चावी द्या. आशुराला कुलूप? लोक थुंकतील आपल्यावर."

"मजलिस अंगणात घे. ताडपत्री मी बांधतो."

"भिंत तुम्ही बिघडवलीत आणि शिक्षा आम्हाला?"

"व्हय, मीच बिघडवली. म्हनून सांगतो, आत माणूस नको."

मिठागरात काम करणारी हिराबाई दरवर्षी नवसाचे सरबत आणते. ती घागर घेऊन तिथेच उभी होती. "काय रं चाचा, देवाच्या घरालाच टाळा?"

"देव भायेर पन हाय गो. भिंत आतच पडंल."

"मंग ही घागर कुठं ठेवू, तुझ्या डोक्यावर?"

"ठेव. गार तरी व्हईल."

मजलिस अंगणात झाली. भिंत पडली नाही. पाऊस सरला तरी पडली नाही. कासिम अधूनमधून फोन करून विचारी, "पडली का?" चाचा उत्तर देत, "नाय अजून," आणि फोन ठेवत.

त्यांनी अंगणात खड्डा खणून चुना भिजत घातला. थंडीत सिमेंट खरवडून चुन्याचा गिलावा करायचे ठरले होते. दिवाळीच्या सुमारास ते औषधे आणायला रोह्याला गेले. परतीच्या गाडीतून गावाजवळच्या जिते स्टेशनवर उतरले, बाकावर बसले आणि तिथेच वारले.

देखभाल आता कासिमकडे आहे. कुलूप काढले आहे. सिमेंटला हिरवा रंग दिला आहे. चुना खड्ड्यात तसाच आहे. तो वाळू नये म्हणून हिराबाई त्यात पाणी ओतते. कासिमने हटकले तेव्हा ती म्हणाली, "तुला लागंल कवातरी."

या वर्षी मोहरम पावसाच्या तोंडावर आहे. मजलिस आत होईल, असा फलक दाराला लावला आहे. काल संध्याकाळी भिंत उभी होती.