रत्नाआत्याचं नाव

माझ्या रत्नाआत्याचा यंदाच्या जत्रेत गावानं सत्कार केला. सत्कार कसला, तोंडाला पानं पुसली! सगळं सांगते, मग तुमचं तुमी ठरवा.

आत्या आता पंच्याहत्तरीची हाय. एकोणीस वर्सांची असताना मामाच्या गावाला, लवळ्याला, जत्रेला गेलेली. तवा गावची पोरं जत्रेत नाटक बसवायची अन् बायकांच्या कामाला बाहेरनं नटी आणायची. त्या साली नटी आयत्या वेळी तापानं फणफणली. आत्यानं आठ दिवस शाळेच्या खिडकीतनं तालीम ऐकलेली, सगळी गाणी पाठ! नटीच्या जागी उभी राह्यली ती उभीच राह्यली. पुढं तीस वर्सं घोटावडं, चांदं, पार पौडापतूर तिच्याबिगर जत्रेचं नाटक व्हत नव्हतं. पेटीवाला पट्टी चढवायचा अन् ही त्याच्याबी वर जायची.

पर आमचं गाव! करंजवाडीच्या बहिरू पाटलानं माझ्या आज्याला, भिवाजीला, चावडीत बोलावून सांगितलं, "पोरीला नाचवायची तर नाचव. पर गावाचं नाव लावलंस तर याद राख." जाहिरातीत नटीच्या नावाम्होरं तिचं गाव छापायचं, अशी रीतच व्हती. म्हणून आत्या झाली रत्नमाला पुणेकर. पुणं तिनं तवर दोनदा बघितलेलं, तेबी दवाखान्यापायी! आमच्या जत्रेला तिला एकदाबी बोलावली न्हाई. अन् हेच बहिरू पाटील बैलगाडी जुंपून तिचं गाणं ऐकाया चांद्याला जायचे, पुढच्या रांगेत बसायचे. जरा लाज न्हाई वाटली मेल्याला!

आत्यानं लगीन केलं न्हाई. त्याचं तिला कधी काई वाटलं न्हाई. म्हणायची, "माझं एकच राह्यलंय. आपल्या देवळाम्होरं मला आपल्या गावाच्या नावानं पुकारलं पायजे अन् मी गायलं पायजे."

यंदा पाटलाचा नातू दिग्विजय घरी आला. जत्रा कमिटीचा अध्यक्ष. नव्या बिल्डिंगीतल्या लोकांना गावची परंपरा दाखवायची म्हणे. "आजी, तुमचा सत्कार करतुया. नाव लावतो, रत्नमाला करंजवाडीकर."

आत्याचे डोळे भरले. "अन् गाणं?"

"व्हय की, एक गाणं फिक्स!"

झालं! महिनाभर आत्या ताकाला शिवली न्हाई, लोणचं बंद. रोज पहाटे उठून सा लावायची.

जत्रेच्या दिवशी दुपारी स्टेजवर ह्यो मोठा फ्लेक्स. कमिटीचे बावीस फोटो, निम्मे गॉगल लावलेले, अन् खाली आत्याचं नाव. तिचा फोटो न्हाईच! भाषणं दीड तास. मग शाल, नारळ. आत्यानं माइककडं हात केला तर दिग्विजयनं तो मागं ओढला. "बसा आजी. ऑर्केस्ट्रावाले खोळंबलेत."

"एकच कडवं," आत्या म्हणाली. एवढी म्हातारी बाई, त्या पोरापुढं हात जोडून!

"पुढच्या वर्षी बघू की."

माझ्या मस्तकात तिडीक गेली. फीत कापायची कात्री तबकात पडलेली, ती घेऊन मी स्टेजवर चढले. सगळ्या दोऱ्या तोडून तो फ्लेक्स खालीच आणणार व्हते. आत्यानं कात्री माझ्या हातातनं काढून घेतली. मला वाटलं, मला आवरतीया. ती सरळ फ्लेक्सकडं गेली अन् कराकरा आपलं नाव तेवढं कापून घेतलं.

दिग्विजय वराडला, "अहो आजी, फ्लेक्स कमिटीचा हाय!"

"फोटो तुमचे तुमी ठेवा," आत्या म्हणाली. "नाव माझं हाय."

घरी आल्यावर तिनं ते नाव मला ओट्याच्या भिंतीला खिळ्यांनी ठोकायला लावलं. म्हणाली, "साधना, पुकार." मी पुकारलं, "रत्नमाला करंजवाडीकर!" तिनं पदर सावरला अन् ती गायला लागली. तिकडं देवळाकडनं ऑर्केस्ट्राचे भोंगे असे कोकलत व्हते की मी हातभर अंतरावर बसलेली, तरी मला तिचे नुसते ओठ हलताना दिसत व्हते.