पुढे चालत केलेली आवणी

“चिखलातल्या त्या बाईची काय मूव्हमेंट आहे!” माझ्या मागच्या खुर्चीवरचे गृहस्थ शेजाऱ्याला म्हणाले. शहापूरच्या हॉलमध्ये सुधीरकाकांची एकमेव फिल्म चालू होती. माझे काका जाऊन तीन आठवडे झाले होते. पडद्यावर संवाद नव्हते. पर्णहीन झाडाला गुंडाळलेलं लाल लुगडं, भेगाळलेल्या टाचा आणि मग भाताची रोपं लावत सरळ कॅमेऱ्याकडे चालत येणारी पारूबाई...

ते शूटिंग मुरबाडजवळ झालं, तेव्हा मी सोळा वर्षांची होते. घरात सगळे मला विचारत, “तू बोलत का नाहीस?” काकांनी कधी विचारलं नाही, ते नुसते शेजारी बसत. मला ते आवडायचं. नंतर कळलं, मी वाद घालणार नाही म्हणून त्यांनी मला सोबत घेतलं होतं. काका बांधावर कोरड्या बुटांत, पारूबाई चिखलात. मधले निरोप मी पोहोचवायचे.

आवणी, म्हणजे भाताच्या रोपांची लावणी, मागे सरकत करतात. लावलेलं पायाखाली येऊ नये म्हणून. इंग्रजी शाळेत शिकलेल्या मलासुद्धा हे माहीत होतं. काका तर शेतकऱ्याच्याच घरात जन्मलेले. पण ते म्हणाले, “तिला सांग, पुढे चालत लाव. मागे हटणारी माणसं मला नकोत. ती भविष्याकडे चालली आहे.”

मी सांगितलं. पारूबाई कमरेवर हात ठेवून हसली. “तुजा काका येडा हाय काय, गो बाय? कोंबडी पेरल्यावर तरी उकरते. आमी लावतानाच तुडवायचं?” मग गंभीर झाली. “माज्याकडं एवढीच रोपं हायेत. परत नाय व्हनार.”

हे मी काकांना सांगितलं नाही. “एकदाच करा,” असं तिला म्हटलं.

ते आठ वेळा झालं. रोपं संपली. तिचं अर्धं खाचर त्या वर्षी ओसाड राहिलं. काकांनी पुढच्या महिन्यात येऊन तेही चित्रित केलं. “रिकामेपण!” म्हणाले. खूश होते.

दिवे लागले. टाळ्या झाल्या. अध्यक्षांनी कुटुंबातर्फे दोन शब्द बोलायला मला बोलावलं. मी माईक हातात घेतला.

“त्या बाईंचं नाव पारूबाई,” मी म्हणाले. “ते शेत त्यांचं होतं. काकांना कळत होतं, मलाही. आम्ही त्यांच्याच पायांनी त्यांचं भात तुडवून घेतलं.”