मीठ जरा कमी हाय

सातारा आणि सांगली या दोन जिल्ह्यांत असा एकही दगड शिल्लक नसेल, ज्याला माझ्या बायकोच्या थोरल्या मामांनी जीभ लावलेली नाही. देवळातले देव तेवढे सुटले असतील, आणि तेही अंगावर शेंदूर असल्यामुळे, मामांच्या भक्तीमुळे नव्हे. दगड दिसला की मामा थांबतात. सदऱ्याच्या खिशातली छोटी हातोडी काढून त्याला ठोकतात, कान देऊन आवाज ऐकतात, मग टवका उचलून सदऱ्याला पुसतात आणि चारचौघांदेखत जिभेला लावून डोळे मिटतात. ते डोळे उघडेपर्यंत जगानं थांबायचं. उंब्रजला एकदा एसटी चहाला थांबली आणि महामार्गाच्या कामासाठी टाकलेला दगडांचा ढीग त्यांच्या नजरेला पडला. एसटी गेली, तिच्याबरोबर पिशवी गेली आणि पिशवीतले कंदी पेढेही गेले. संध्याकाळी दोन्ही खिसे फुगवून घरी आले तेव्हा मामी काही बोलायच्या आत म्हणाले, "एसटी काय, उद्या बी येती. ह्यो दगड उद्या डांबराखाली गेला असता."

माझं लग्न या माणसानंच जमवलं. आम्ही एकाच गावचे, कडेगावच्या पुढचे. तीन गल्ल्या ओलांडल्या की मामांचं घर. भाचीसाठी स्थळ बघायला म्हणून ते आमच्याकडे आले, तेव्हा बाकीचे पाहुणे माझी नोकरी, जमीन आणि उंची विचारत होते आणि मामा बाहेर बसून आमच्या दाराची पायरी ठोकत होते. आत येऊन म्हणाले, "पायरी अखंड हाय, कुटं पोकळ वाजत न्हाई. पोरगी द्याला हरकत न्हाई." आमच्या घरात मी सोडून सगळ्यांना तो अपमान वाटला. मला मात्र आयुष्यात पहिल्यांदाच कुणीतरी परीक्षा न घेता पास केल्यासारखं झालं.

मामांची हयात खाणींत गेली. मिसरूड फुटायच्या आत घर सोडलं आणि जमिनीला खोल भोक पाडून खालचा नमुना वर काढणाऱ्या तुकडीत लागले. कोळसा झारखंडात, लोखंड ओडिशात, मँगनीज मध्य प्रदेशात, असा देश त्यांनी खालून पाहिला. त्यामुळे देशाच्या प्रगतीवर टीव्हीत चर्चा लागली की ते आवाज बंद करतात आणि स्वतः सुरू होतात. "जावईबापू, मी ऱ्हायलो तितं जमिनीखाली कोळसा आन् घरात रॉकेलची चिमणी. कोळसा मालगाडीनं जायाचा, उजेड दुसरीकडंच पडायचा. खाण वाईट न्हाई. खाणीशिवाय ना तुमची सायकल, ना तुमचा खडू. पन ज्याच्या घराखाली हाय त्याला कुनी इचारत न्हाई, त्ये लय वाईट." हे मी इतक्या वेळा ऐकलंय की 'लय' म्हणताना त्यांची मान कुठल्या बाजूला कलते तेही मला पाठ आहे. दुर्दैवानं, मला असल्याच गोष्टी पाठ होतात.

गोळा केलेले नमुने ते काडेपेट्यांत ठेवतात. प्रत्येक पेटीवर चिठ्ठी: दगड कुठला, कसला, आणि खाली 'चाखणार' म्हणून स्वतःचं नाव. मला मुतखडा झाला आणि मिरजेला ऑपरेशन झालं, तेव्हा सगळे माझी विचारपूस करत होते आणि मामा डॉक्टरांच्या मागे लागले होते. शेवटी तो खडा त्यांनी मिळवलाच. भिंगाखाली धरून म्हणाले, "ल्हान हाय, पन घट्ट हाय. जावईबापू, तुमच्यात बी खनिज निघालं." तो आजही त्यांच्या कपाटात मँगनीज आणि अभ्रक यांच्या मधे बसलेला आहे. त्याच्या चिठ्ठीवर 'चाखणार'पुढे रेघ आहे, एवढीच माझ्यावर मेहेरबानी.

आता खरं सांगायचं ते सांगतो, कारण इथवर मी टाळतोच आहे. मी शाळेत मराठी शिकवतो आणि गावभर नकला करतो. आमदारांची करतो, हेडमास्तरांची करतो, बारशाला बाळाचीही करतो. दहा माणसं एकत्र दिसली की मला गप्प बसवत नाही. लोक "मास्तर, हून जाऊ द्या" म्हणतात आणि माझ्या अंगात येतं. याला मी इतकी वर्षं कला म्हणत आलो.

गावामागच्या डोंगरावर खडीची खाण आणि क्रशर टाकायला बाहेरचे लोक आले, तेव्हा ग्रामसभा बसली. ना हरकतीचा ठराव होता. रस्ता होईल, पोरांना काम लागेल म्हणून बहुतेकांचं मन झालेलंच होतं. मामा उभे राहिले. आम्हाला वाटलं विरोध करतील. म्हातारा म्हणाला, "खाण करा. पन दक्षिणेकडनं नगं, उत्तरेकडनं करा. दक्षिणेला डोंगराच्या पोटात लाल मातकट दगडाचा पट्टा हाय. त्ये डोंगराचं ताट समजा. वरनं मुरल्यालं पाणी त्या ताटात ऱ्हातं आन् कडंनं झरा हून गावाला येतं. सुरुंगानं ताट फुटलं, तर पाणी कुटं जाईल त्ये मला बी सांगता याचं न्हाई." मग खिशातून त्याच पट्ट्याचा तुकडा काढून सरपंचांच्या टेबलापुढं गेले. "ह्यो दगड वाळला का जिभंला चिकटतो. वल्ला आसला का चिकटत न्हाई. बगा, आजून वल्ला हाय," असं म्हणून त्यांनी तो जिभेला लावला आणि सवयीनं डोळे मिटले.

त्यांची पाठ आमच्याकडे होती. मी मागच्या ओळीत होतो. पायाशी एक खडा पडलेला होता. मला कुणी सांगितलं नव्हतं, कुणी विकत घेतलं नव्हतं, क्रशरशी माझं काडीचं देणंघेणं नव्हतं. मी खडा उचलला, सदऱ्याला पुसला, जिभेला लावल्यासारखं केलं, डोळे मिटले आणि हुबेहूब मामांच्या आवाजात म्हणालो, "मीठ जरा कमी हाय."

सभेत हशा फुटला. खुर्च्या हलल्या, बायका पदर तोंडाला लावून हसल्या, सरपंचांना ठसका लागला. कुणीतरी ओरडलं, "मामा, हळद घालू का जरा?" मामा डोळे उघडून मागे वळले. ते आणखी काहीतरी बोलणार होते, तोंड उघडलंही होतं, पण त्या हशात पुढचं वाक्य त्यांना सापडलं नाही. त्यांनी तुकडा खिशात ठेवला आणि येऊन खाली बसले. ठरावाला हात वर झाले, हसत हसतच झाले. खाण दक्षिणेकडूनच सुरू झाली, कारण गाडीरस्ता त्या बाजूनं जवळ होता. घरी आल्यावर बायको म्हणाली, "हसू मलाबी आलं. त्याचीच लाज वाटायलीय." मला त्या रात्री लाज वाटली नाही, हेही लिहून ठेवतो. मला वाटलं होतं, चांगली जमली.

झरा एकदम आटला नाही. आधी बारीक झाला, मग दिवसाआड झाला, मग उन्हाळ्यात थांबला आणि पावसाळ्यानंतरही आला नाही. खाणवाले खडी घेऊन निघून गेले. मागे एक मोठा खड्डा राहिला आणि रस्ता मात्र खरोखरच छान झाला. त्या रस्त्यानं आता पाण्याचा टँकर येतो, आणि तो वेळेवर येतो. बायको घागरी घेऊन रांगेत उभी असते. मी शाळेत निघताना तिच्याकडे न बघता जातो. मामांच्या गल्लीतून जाणंही मी सोडलं; मारुतीच्या देवळाला वळसा घालून जातो आणि कुणी विचारलं तर पाय मोकळे होतात म्हणून सांगतो. मामा मात्र पूर्वीसारखेच घरी येतात, चहा पितात, जाताना पायरीवर हातोडी टेकवतात. दोन शिव्या हासडल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं.

गेल्या महिन्यात त्यांचं बोलावणं आलं. डोळ्यांना नीट दिसत नाही, काडेपेट्या सगळ्या शाळेला द्यायच्यात, चिठ्ठ्या नव्यानं लिहायच्यात आणि माझं अक्षर चांगलं. मी गेलो. ते एकेक पेटी हातात देत होते, सांगत होते, मी लिहीत होतो. कोळसा झाला, अभ्रक झालं, माझा मुतखडाही झाला, शाळेत नेऊ नका म्हटलं तर म्हणाले, "पोरांना समदी खनिजं ठावं पायजेत." तेवढ्यात शेवटची पेटी उघडून त्यांनी लाल दगडाचा तुकडा माझ्या तळहातावर ठेवला.

"आज सकाळी आनला, झऱ्यातनं," ते म्हणाले. मग अगदी साध्या आवाजात, "जावईबापू, त्या दिवशीची नक्कल करून दावा की. माजी पाट हुती, बगाय गावलीच न्हाई."

मी म्हणालो, "मामा, तुम्हाला कसं कळलं, मीच होतो?"

"माजाच आवाज माज्या मागनं आला. गावात दुसऱ्या कुनाला जमतोय?" असं म्हणून ते हसले. त्या हसण्यात टोमणा शोधायचा मी फार प्रयत्न केला. नव्हता.

मामा, माझं चुकलं, असं मी म्हणालो. ते मला तीन वर्षांपूर्वी म्हणायचं होतं. त्यांनी ऐकलं, मान हलवली आणि दगडाकडे बोट केलं. मी तो सदऱ्याला पुसला, जिभेला लावला आणि डोळे मिटले. वाक्य काही आलं नाही. मग डोळे उघडून दगड काढायला गेलो तर तो निघेना.

"चिकटला?" मामांनी विचारलं.

मला बोलता येत नव्हतं. मी मान हलवली. मग त्यांना नीट दिसत नाही हे आठवून त्यांचा हात धरला आणि माझ्या तोंडाजवळ नेला. त्यांनी बोटानं चाचपून पाहिलं, मग हळूच तो दगड सोडवून घेतला.

"मंग लिवा," ते म्हणाले. "लाल पट्टा, आमचा डोंगर. कोरडा."

मी लिहिलं आणि खाली सवयीनं त्यांचं नाव लिहायला गेलो, तर त्यांनी माझं मनगट धरलं.

"ह्यो म्या कुटं चाखला? तुमचं लिवा."

'चाखणार' या शब्दापुढं मी माझं नाव लिहिलं. अक्षर नेहमीसारखंच चांगलं आलं.