माझे चाळीस फूट

वयाच्या चौऱ्याऐंशीव्या वर्षी माझा सत्कार झाला, आणि तोही मी न केलेल्या कामाबद्दल.

उमेदीची तीस वर्षं मी सिनेमे कापले आणि जोडले. संकलक म्हणतात. त्यातला एक कृष्णधवल चित्रपट सांगलीच्या पोरांनी संगणकावर धुऊन-पुसून नवा केला आणि परवा दुपारी दाखवला. शहरात तो तेव्हा आठवड्यात थिएटरातून उतरला होता. निगेटिव्ह केव्हाच सडली. उरलेली एकच प्रिंट सापडली आटपाडीच्या एका म्हाताऱ्या तंबूवाल्याच्या माळ्यावर. जत्रेजत्रेत तंबू ठोकून सिनेमा दाखवणारा हा माणूस. सत्कार त्याचाही होता, त्यामुळे बसवला माझ्याच शेजारी.

चित्रपटात आई फौजेत निघालेल्या पोराला फाट्यावर सोडून घरी येते. चुलीपुढं त्याचा अर्धा राहिलेला चहा असतो. ती कपावर बशी झाकते आणि बसून राहते. चाळीस फूट फिल्म, अर्ध्या मिनिटाला थोडी कमीच. "काही घडत नाही, काप," दिग्दर्शक म्हणाले. मी दोन दिवस कात्रीला हात लावला नाही. नोकरी गेली तर गेली! शेवटी ते नमले. जन्मभर ढीगभर तुकडे कापले, पण अभिमान त्या एका न कापलेल्या तुकड्याचा.

परवा पडद्यावर आई दारातून आत आली आणि लगेच भलत्याच गावातलं लग्न सुरू झालं. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. वर खेळ संपल्यावर मला शाल घालताना निवेदक म्हणतो, "दुःखात रेंगाळायचं नाही, हा सरांचा संयम बघा!" लोकांनी टाळ्याही वाजवल्या. मी माईक ओढून घेतला.

"हा संयम नाही, खून आहे. माझा अर्ध्या मिनिटाचा तुकडा कापलाय. माझं नाव काढून टाका."

"सर, अर्ध्या मिनिटाचा तर प्रश्न आहे," तो कुजबुजला. अक्कल गहाण टाकून आला होता बहुतेक.

तेवढ्यात तंबूवाल्यानं माझा हात धरला. "आवं सायेब, त्या पोराला नगा बोलू. म्या कापलंय त्ये."

"का? माणसं कंटाळत होती?"

"न्हाई वो. कपावर बशी झाकली की बाया पदर तोंडाला लावून रडायच्या. एकीचं बघून दुसरी. खेळ संपला तरी उठायच्याच न्हाईत. भायेर फुडच्या खेळाची माणसं खोळंबल्याली. लय ताप व्हायचा."

"आणि तो तुकडा?"

"टाकला आसंल कुटं तरी."

मी माईक त्याच्या हातात कोंबला. म्हटलं, सांग आता सगळ्यांना. तो उभा राहिला आणि आई आत आल्यापासून सावकाश सांगू लागला. पुढच्या रांगेतल्या बायकांनी डोळ्यांना पदर लावले. माझा राग निवायच्या ऐवजी वाढला. हे रडणं माझ्या कामाची पावती होतं, आणि ते आजवर फक्त त्यानं पाहिलं होतं.