मामांचा कान

माझ्या हाताला काम लागलं ते मामांमुळे. हे आधीच लिहून ठेवते, कारण पुढे मी त्यांच्यावर बरीच वैतागणार आहे.

"वजन सांग. केस नको सांगू." टेबलावर कुत्रं-मांजर आलं की मामांचं हे ठरलेलं वाक्य. एखादं केसाळ कुत्रं बघून मी म्हणायची, "मोठं आहे हो, मामा." मग ते काट्यावर ठेवायला लावायचे. साडेचार किलो! आणि माझ्याकडे असं बघायचे, जणू ते केस मीच चिकटवलेत.

तुम्ही जनावरांच्या दवाखान्यात ऑपरेशन बघितलं असेल, तर भुलीच्या मशीनपासून जनावराच्या तोंडापर्यंत गेलेला पाईप पाहिला असेल. त्यातून भूल आणि ऑक्सिजन जातो. अंबाजोगाईच्या आमच्या दवाखान्यात असे दोन पाईप, दोन खिळ्यांवर. मोठ्या कुत्र्याला जाड, सात किलोच्या आतल्या जिवाला हलका. जाड पाईप लहान जिवाला लावला तर बिचाऱ्याची ताकद श्वास ढकलण्यातच जाते.

मामा माझ्या नात्यातले नाहीत, दवाखान्यात सगळेच त्यांना मामा म्हणतात. तीस वर्षं ते माणसांच्या ऑपरेशन थिएटरात याच कामाला होते. रिटायर झाल्यावर आमच्या डॉक्टरांनी बोलावून घेतलं. मी आठवीतून शाळा सोडलेली. नवरा रस्त्याच्या कामावर जेसीबी चालवतो, म्हणून रत्नागिरीकडून इथवर आलेली. डॉक्टर मला फरशी पुसायलाच ठेवणार होते. मामा म्हणाले, "हिच्या हाताला घाई न्हाई. मशीनवर द्या माझ्याकडं."

म्हणून कितीही वैताग आला तरी मी गप्प. आणि वैताग यायचाच. पाईपचं तोंड अंगठ्यानं दाब, झडप बंद कर, मशीनचा रबरी फुगा ऑक्सिजननं टम्म भर, दहा मोज, कुठे गळतंय का ते ऐकायला कान लाव, मग झडप उघड. ती उघडायची राहिली तर मांजराची फुप्फुसं फुटायची. हे प्रत्येक जनावराआधी. बाहेर मालक ओरडतोय, डॉक्टर हातमोजे घालून उभे, आणि मामा म्हणणार, "पुन्यांदा." दाब दाखवणारा काटा बंद पडलेला, तो दुरुस्त करायचा डॉक्टरांचा 'पुढचा महिना' कधी उजाडलाच नाही. सगळी भिस्त कानावर. तोही मामांच्या.

आणि तो कान जायला लागला होता. खिशात मोबाइल वाजत राहायचा आणि मामा शांतपणे फुगा बघत उभे. मला कळलं, पण बोलणार कशी? ज्यांनी मशीनवर घेतलं, त्यांनाच सांगू, तुम्हाला ऐकू येत नाही? ते "ठीक" म्हणाले की मी पुसायच्या निमित्तानं हळूच परत कान लावायची.

एकदा किराणा दुकानाच्या बाईंची मांजर आली. अडीच किलो, गर्भाची पिशवी काढायची होती. सुई देऊन गुंगीही आणलेली. मामांनी तपासलं. "ठीक." मला मात्र स्पष्ट ऐकू आलं, स्स्स्. भूल अशी बाहेर गळत राहिली असती तर मांजर पोट उघडं असताना जागी झाली असती.

"मामा, परत एकदा बघू."

"बघितलं की."

"फुग्याच्या मानेशी आवाज येतोय."

"ए कोकणी, तुझ्या गावचा समुद्र ऐकू येतोय का तुला?"

डॉक्टर हसले. मी तशीच साबणाचं पाणी घेऊन आले आणि फुग्याच्या मानेला लावलं. एक बुडबुडा आला. मग दुसरा.

मामांनी फुगा बदलला. "तू तपास," म्हणाले. मांजर सुखरूप घरी गेली. दुसऱ्या दिवशी मामा आले नाहीत. तिसऱ्या दिवशीही नाही.

मी त्यांच्या घरी गेले. टीव्हीचा आवाज गल्लीच्या तोंडापर्यंत येत होता.

"मामा, चुकलं माझं," मी ओरडूनच म्हटलं. "सगळ्यांसमोर बोलायला नको होतं."

त्यांनी टीव्ही बंद केला. "ते न्हाई चुकलं. तुला कधीपासून ठाव व्हतं?"

"दोन महिने."

"मंग दोन महिने कावून गप बसलीस?"

"मी तुमच्या मागून परत तपासत होते ना."

"अन् रविवारी? तू सुट्टीवर असताना कोन तपासत व्हतं?"

त्या दोन महिन्यांतल्या रविवारी टेबलावर आलेल्या जनावरांचे चेहरे मी आजही आठवायचा प्रयत्न करते, आणि ते मी पाहिलेलेच नसतात.

मामांच्या बायकोनं, म्हणजे काकूंनी, चहा ठेवला. "पी," मामा म्हणाले. "लई भित्री हायस तू. मशीनवर भित्रं माणूस चालतं. गप बसणारं न्हाई चालत."

ते कामावर परत आले नाहीत. दाबाचा काटा अजून बंदच आहे. मी रोज सकाळी डॉक्टरांना त्याची आठवण करून देते आणि ते रोज माझ्यावर चिडतात. मामांना कानाच्या डॉक्टरकडे चला म्हटलं तर म्हणतात, "आता ऐकायला राहिलंय काय?" मला याचा इतका राग येतो की काय सांगू. पण एक दिवस मी त्यांना रिक्षात घालून नेणार आहे. काकूंना सांगून ठेवलंय, त्यांना मात्र सांगितलेलं नाही. वाटेत शिव्या घालतील. घालू देत. त्यांचे उपकार मी असेच फेडणार.