सेकंदाला पन्नास चित्रे

मी सांगली सोडली त्या दुपारी माझी बॅग कोपऱ्यावरच्या वाण्याच्या काट्यावर ठेवलेली होती. विमानात किती वजन चालते हे सुहासने, म्हणजे माझ्या नवऱ्याने, फोनवरून पुन्हा पुन्हा बजावले होते आणि काटा त्याच्या बराच पुढे गेला होता. आईने तिथेच, गिऱ्हाइकांसमोर, बॅग उघडली. मेतकूट, भाजणी, कुकरच्या जादा रिंगा आणि सगळ्याच्या तळाशी करड्या प्लॅस्टिकचा एक खोका. टीव्हीला जोडायचा आमचा व्हिडिओ गेम. धाकट्या भावाने, मिलिंदने, तो मला न विचारता घातला होता. आईने तो उचलला. "हे कशाला? तिकडे सगळं मिळतं," असे म्हणून तिने तो मिलिंदच्या हातात परत दिला. भाजणी राहिली. मला काही म्हणायचे होते. पण मला बोलायला नेहमीच वेळ लागतो, आणि तोवर वाण्याने बॅग उतरवून काट्यावर गूळ ठेवला होता.

'तिकडे सगळं मिळतं' हे वाक्य माझ्यासारख्या इकडे आलेल्या बहुतेकींच्या सामानात असते, आणि तिकडे राहिलेल्यांनी ते आमचे समाधान व्हावे म्हणूनच घातलेले असते. माझ्या पहिल्या घरी, आखातातल्या रुवैसला, सगळे म्हणजे तेलशुद्धीकरण कारखाना, कारखान्याची वसाहत आणि एक सुपरमार्केट. वनस्पतिशास्त्रात एम.एस्सी. करून कॉलेजात शिकवणारी मी तिथे खिडकीतून एकाच जातीची झुडपे पाहत बसे. पुढे मुलीच्या, ऋचाच्या, शाळेसाठी आम्ही अबुधाबीला घर केले; सुहास आठवडाभर रुवैसला आणि सुट्टीला घरी असतो. मी प्रत्येक गोष्ट उशिरा सुरू करणारी बाई आहे. गाडी चाळिशीच्या उंबरठ्यावर शिकले, शाळेच्या प्रयोगशाळेतली नोकरी त्याही नंतर लागली, आणि लिहायला तर आत्ता बसले आहे. त्यामुळे पन्नाशीला आल्यावर व्हिडिओ गेम या विषयात पडले, याचे माझ्या ओळखीच्या कुणाला फारसे आश्चर्य वाटू नये.

कारण मात्र खेळाचे नव्हते, मिलिंदचे होते. सांगलीत त्याचे औषधांचे दुकान आहे. मी दर रविवारी आईला फोन करीत असे आणि तो उचलत असे. "जेवलीस?" "हो. तू?" "हो. देतो आईकडे." वीस-बावीस वर्षे आम्हा भावंडांचे एवढेच बोलणे. दोन वर्षांपूर्वी आई गेली आणि फोन पुढे द्यायला कुणी उरले नाही. मग वाढदिवस, दिवाळी आणि सुप्रभात लिहिलेली गुलाबांची चित्रे. अशातच या हिवाळ्यात त्याचा निरोप आला: दुकान बायकोवर सोपवून आठवडाभर एकटाच येतोय. मला आनंद झाला, आणि लगेच धडकी भरली. आठवडाभर समोरासमोर जेवायला बसायचे, आणि बोलायचे काय? हा आठवडा मुक्याने गेला असता, तर मिलिंद पुन्हा आला नसता, आणि मीही कधी 'ये' म्हणायचे धाडस केले नसते.

आम्ही दोघे मोकळे बोलत असू अशी एकच जागा होती: त्या खोक्यापुढची सतरंजी. आमचा खेळ रणगाड्यांचा होता. पडद्याच्या तळाशी विटांच्या कुंपणात आपले ठाणे, वरून शत्रूचे रणगाडे येणार, आणि दोघांनी मिळून ते ठाणे राखायचे. मी अकरावीत, तो चौथीत. माझ्यापेक्षा तो कितीतरी चांगला खेळे आणि खेळताना त्याची टकळी अखंड चाले. नजर पडद्याकडे असल्यामुळे असेल, पण मलाही तिथे शब्द सुचत.

हल्ली जुने खेळ चालवणारी हातात मावणारी छोटी यंत्रे मिळतात. त्यांत इम्युलेटर, म्हणजे जुन्या यंत्राची हुबेहूब नक्कल करणारा प्रोग्रॅम, असतो. ती टीव्हीला जोडून दोघांनाही खेळता येते. मी एक मागवले. इथून पुढचा महिना मी ज्या मनःस्थितीत काढला, तिचे वर्णन सभ्य मराठीत करणे कठीण आहे.

यंत्राबरोबर माहितीपत्रक नव्हते. मेनू चिनी भाषेत होता. तो इंग्रजी करण्याची सोय मेनूतच, म्हणजे चिनीत. ती सापडली, तेव्हा आतले मेमरी कार्ड बंद पडले. जाणकारांच्या संकेतस्थळावर वाचले की सोबत येणारे कार्ड पहिल्याच दिवशी काढून टाकायचे असते, हे 'सर्वांना माहीत' आहे. नवे कार्ड आणले. ते यंत्राला दिसेना, कारण ते वेगळ्या पद्धतीने फॉरमॅट करायचे होते. फॉरमॅट केले. फोल्डरची नावे ठरलेलीच हवीत, एक अक्षर इकडेतिकडे झाले की खेळांची यादी कोरी. यादी आली, खेळ निवडला आणि पडदा काळा झाला. मी त्या काळ्या पडद्यात माझाच चेहरा पाहत बसले आणि मला तो अजिबात आवडला नाही.

मी शिस्तीने शिकलेली बाई. संकेतस्थळावरची मार्गदर्शिका शाळेच्या प्रिंटरवर छापून घेतली, भोके पाडून फाइलला लावली आणि पहिल्या पानापासून वाचायला घेतली. ऋचाने ती फाइल दोन बोटांनी उचलली.

"आई, नोबडी प्रिंट्स अ विकी."

"मी छापते."

"जस्ट वॉच अ व्हिडिओ, ना. टेन मिनिट्स."

व्हिडिओही पाहिला. त्यातला मुलगा "नाऊ सिम्पली" म्हणून जे करी, त्याला मला एक संध्याकाळ लागे. टीव्हीला जोडायची केबल निराळ्या टोकाची निघाली, ती आणायला गेले तर दुकानदार म्हणाला, "वो वाला खलास, मॅडम. अगले हफ्ते आएगा, इन्शाल्ला." सुहास रुवैसहून रोज विचारी, "झालं का सुरू?" आणि नाही म्हटले की हसे. "अगं, आमचा अख्खा प्लँट सुरू करायला एवढा वेळ लागत नाही!" मी त्याला सुचवले की मग खेळायचे दोन्ही रिमोट तूच येऊन जोड. सुट्टीच्या दिवशी त्याने प्रयत्न केला. त्यानंतर तो हसेनासा झाला.

शिवाय माझ्या मनाला एक टोचणी होती. कार्डात आयते भरून आलेले ते हजारो खेळ कुणाच्या परवानगीने आले होते? निदान आपल्या खेळाची मूळ कॅसेट तरी आपल्या मालकीची असावी, म्हणून मी मिलिंदला फोन केला. केवळ कुतूहल आहे असे दाखवून विचारले, "आपली ती टँकची कॅसेट आहे का रे अजून? येताना आणशील? आपल्याकडे अस्सल असलेली बरी."

तो हसायला लागला. कित्येक वर्षांत ते हसू मी ऐकले नव्हते.

"अस्सल? ताई, त्या कॅसेटवर नऊ हजार नऊशे नव्व्याण्णव खेळ लिहिलं होतं. आत सहा होते, उलटसुलट करून. चोरीच्या मालाची पावती मागतेस होय गं?"

"म्हणजे ते यंत्रसुद्धा..."

"यंत्रसुद्धा! बाबांनी हौसेनं आणलेलं सगळंच नकली होतं."

आईनंतरचे आमचे सर्वांत लांब संभाषण ते. ठेवता ठेवता तो म्हणाला, "माळ्यावर बघतो." मिळाली नाही.

मिलिंद आला. बॅगेतून त्याने भाजणी आणि मेतकूट काढले. मी म्हटले, "अरे, आता मिळतं इकडे." तो म्हणाला, "असू दे." ऋचा म्हणाली, "हाय मामा, हाऊ वॉज द फ्लाइट?" तो म्हणाला, "गुड, गुड," आणि तेवढ्यात त्याचे इंग्रजी आणि माझे आदरातिथ्य दोन्ही संपले. आम्ही त्याला मशीद दाखवली, समुद्रकिनारा दाखवला, मॉल दाखवले. प्रत्येक ठिकाणी तो नम्रपणे "छान आहे" म्हणे. जेवताना चमच्यांचा आवाज येई.

तिसऱ्या दिवशी ऋचा शाळेला गेल्यावर मी यंत्र बाहेर काढले. सगळे जोडलेले, तपासलेले. त्याच्या हातात रिमोट दिला, खेळ सुरू केला, आणि त्याचे डोळे मोठे झाले. मला वाटले, जमले. पण शत्रू भराभर उतरू लागले. मिलिंदचा रणगाडा भिंतींवर आदळत राहिला, त्याची बोटे चुकत गेली, आणि बघता बघता आमचे ठाणे पडले. पुन्हा सुरू केले, पुन्हा पडले. सुरुवातीची ती धूनही कुणी मागे लागल्यासारखी पळत होती.

"वय झालं," तो म्हणाला. मग जरा वेळाने, "की हा आपला नाहीच, ताई? फार घाईत आहे हा." आणि रिमोट टीपॉयवर ठेवत, माझे मन राखायला, "छान आहे हं पण."

मशिदीला जे म्हणाला, मॉलला जे म्हणाला, तेच. तो बाल्कनीत जाऊन रस्त्याकडे पाहत उभा राहिला आणि माझा संयम सुटला. त्याच्यावर नव्हे, त्या फाइलवर. फाइल सोफ्यावर आपटली, मग मीच उचलली आणि उभ्या उभ्या पाने उलटू लागले. ते पान मी पूर्वी वाचलेले होते. समासात माझ्याच हाताची बरोबरची खूण होती. 'रीजन' नावाचे एक सेटिंग, आणि त्याखाली ताकीद: सर्वसाधारण वापरणाऱ्याने याला हात लावू नये. मी आयुष्यभर ताकिदी पाळत आले आहे. तीही पाळली होती.

या वेळी खालचा बारीक मजकूरही नीट वाचला. मूळ खेळ सेकंदाला साठ चित्रे काढणाऱ्या टीव्हीसाठी बांधलेला होता. आपल्याकडचे टीव्ही पन्नास काढीत. त्यामुळे आपल्या बाजारातल्या नकली यंत्रांवर तोच खेळ रेंगाळत चाले, त्याची धूनही रेंगाळत वाजे. म्हणजे अस्सल खेळ आम्ही कधी पाहिलाच नव्हता. आणि यादीत तिसरा पर्याय चक्क त्या नकली यंत्रांचा होता! जगात कुणीतरी नकलीचीही मनोभावे नक्कल करून ठेवली होती, आणि मी महिनाभर तिच्या शेजारून शिस्तीत ये-जा करीत होते.

मी तो पर्याय निवडला. धून वाजली: जडशी, दमादमाने चालणारी. मी हाक मारली नाही. बाल्कनीचे दार सरकले.

"हां! हा आपला!" मिलिंद खुर्चीकडे न वळता खाली गालिच्यावर बसला, म्हणून मीही बसले. माझे गुडघे कुरकुरले. त्याची बोटे मात्र नऊ वर्षांची झाली.

"ताई, बाजूला हो. मधे नको येऊस."

"मी ठाणं राखतेय."

"तू विटा खातेयस! शत्रूला मार की, भिंतीशी काय भांडण तुझं?"

"तू मला गोळी घातलीस आत्ता."

"घातली. थांब तिथंच. अकरावीतसुद्धा अशीच आडवी यायचीस."

टकळी सुरू झाली होती. दुकानातली गिऱ्हाइके, त्याच्या मुलाचे क्लास, बायकोचे गुडघे, सगळे त्या पडद्याकडे पाहत. कितव्या तरी डावात, वरच्या कोपऱ्यातला रणगाडा टिपता टिपता, त्याच आवाजात तो म्हणाला, "मी फोन करत नाही ना, ते रागानं नाही गं. नंबर काढतो आणि थांबतो. आई होती तेव्हा दोन शब्द बोलून तिच्याकडे द्यायचो. आता कुणाच्या हातात देऊ?"

माझा रणगाडा जागीच थांबला. खूप काही म्हणायचे होते, आणि नेहमीप्रमाणे वेळ लागत होता.

"डावीकडे बघ," मी म्हणाले. "येतोय एक."

"बघितला," तो म्हणाला.

जरा वेळाने मला शब्द सापडले. "इतका वेळ आपणच बोलतोय की, मिलिंद. मधे कोण आहे?"

त्या नादात माझीच गोळी सुटली, विटा फोडून गेली आणि आमचेच ठाणे कोसळले. "पाडलंस! स्वतःच्या हातानं पाडलंस!" तो गालिच्यावर मागे रेलून हसत होता. ऋचा शाळेतून आली, तेव्हा आम्ही जेवलोही नव्हतो. "आर यू टू ओके?" तिने विचारले.

जाण्याच्या दिवशी आम्ही बॅगेचे वजन घरीच केले, हातात धरायच्या काट्यावर. खजूर, पिस्ते, अत्तरे घालून ते वाढले होते. यंत्र मी आधीच तळाशी ठेवले होते, केबल आणि दोन्ही रिमोटसकट. मिलिंदने बॅग उघडली, सामान बाजूला सारले आणि नेमके तेच बाहेर काढले.

"अरे, तुझ्यासाठीच केलंय! महिनाभर जीव खाल्लाय त्यानं माझा."

"तिकडे सगळं मिळतं," तो म्हणाला आणि यंत्र माझ्या हातात परत दिले. "हे राहू दे इथं. मी येईन ना."

आईचेच वाक्य. तोच खोका, म्हणायचे तर, आणि पुन्हा तो बॅगेबाहेर. वाण्याच्या काट्यापुढे मला वेळेत काही म्हणता आले नव्हते, या वेळी आले. "लवकर ये," मी म्हणाले.

आता रविवारी फोन तोच करतो. जेवलीस का, हे विचारतो आणि पुढे कुणाकडे देत नाही. मग विचारतो, "आपलं मशीन चालू आहे ना?" आणि मी तक्रारींचा पाढा वाचते, कारण ते यंत्र अजूनही माझा छळ करते. दर काही आठवड्यांनी त्याला नवा अपडेट येतो, माझी सगळी सेटिंग पुसली जातात आणि खेळ पुन्हा साठ चित्रांनी धावू लागतो. इथला वेग तोच आहे, रस्त्यावर, ऑफिसात, ऋचाच्या बोलण्यात. त्याची मला सवय आहे आणि त्याच्याविरुद्ध माझी काही तक्रार नाही. पण घर म्हणजे काय, असे आता कुणी मला विचारले, तर मी रुवैस म्हणणार नाही, अबुधाबी म्हणणार नाही, आणि सांगलीही कदाचित म्हणणार नाही. त्याऐवजी मी चष्मा लावते, चडफडते, फाइलचे ते पान काढते, जिथे हात लावू नये असे लिहिले आहे तिथे हात लावते, आणि धून जडावली की नाही ते कान देऊन ऐकते.