नुन्त्सियाचे ओठ

पोत्सुओलीच्या मासळीबाजारात कुणालाही विचारा, दोन्ना राफिलिनाची थोरली नुन्त्सिया सिनेमात होती हे सांगतील. कुठल्या सिनेमात, ते मात्र विचारू नका. पावाच्या रांगेतली बाई, मोलकरीण, खिडकीतली विधवा, एवढंच तिच्या वाट्याला आलं. तेही बारा वर्षं! दिग्दर्शकांना तिचा चेहरा हवा असायचा, बोली नको असायची. चित्रीकरणात आवाज घेतच नसत. मागाहून रोमची कुणी गोड गळ्याची बाई तिचे संवाद म्हणायची. कॅमेऱ्यापुढं ओठ हलले की झालं. काहीजणी नुसते आकडे मोजत.

आई पेटलेली. पोरगी परक्या पुरुषांपुढं तोंड रंगवते म्हणून तिनं तिचं नावच टाकलं. त्यात लढाईतल्या बॉम्बनं कान गेलेले, बाई लोकांचे ओठ वाचायची. नुन्त्सिया समजूत घालायला आली की राफिलिना डोळे मिटून घ्यायची. संपलं बोलणं! धाकटी अस्सुन्ता बहिणीचं पत्र घेऊन समोर बसली तरी तीच तऱ्हा.

शेवटी अस्सुन्तानं अर्धंच सांगितलं. ‘‘आई, चर्चच्या अंगणात संत रीताचा सिनेमा लावलाय, चल.’’ त्यात शेजारणीचं काम नुन्त्सियाचं आहे, हे तिनं गिळलं.

पडद्यावर शेजारीण दारात येऊन रडू लागली. आवाज आला, ‘‘देवा, या घरावर दया कर.’’ राफिलिना डोळे मिटणार, तोच थांबली. मग सगळ्या अंगणाला ऐकू जाईल अशी म्हणाली, ‘‘गुडघा बरा आहे गं. तू जेवतेस ना नीट?’’

लोक माना वळवून बघायला लागले. अस्सुन्तानं तिचं कोपर ओढून तोंड आपल्याकडं वळवलं. ‘‘आई, कुणाशी बोलतेस?’’

‘‘कुणाशी म्हणजे? ती विचारतेय ना! खोलीला ओल आहे म्हणते, माझ्या हातचे शिंपले आठवतात म्हणते. तुझे कान धड आहेत ना? मग ऐकतेस काय?’’

अस्सुन्ताच्या अंगावर सरसरून काटा आला. इतकी वर्षं आई डोळे मिटून बसली होती, आणि बहीण पडद्यावरून अख्ख्या देशासमोर आईशी बोलत होती. एकाही माणसाला पत्ता नव्हता.

त्या उन्हाळ्यात आसपासच्या गावांत नुन्त्सियाचा जुना सिनेमा लागला की राफिलिना पहिल्या बाकावर. घरी येऊन सगळं सांगायची. कुठं घरमालकिणीच्या चहाड्या, कुठं पायाचे फोड. पावाच्या रांगेतला सर्वांत जुना सिनेमा पाहून आली तेव्हा मात्र उंबऱ्यातच बसली.

‘‘प्रत्येकात शेवटी एकच विचारते,’’ ती म्हणाली. ‘‘आई, घरी येऊ का? मेले मी, अस्सुन्ता. इतकी वर्षं पोरगी दारात उभी होती.’’

दुसऱ्याच दिवशी दोघी रोमला गेल्या. स्टुडिओच्या फाटकातून नुन्त्सिया बाहेर आली. मधून ट्राम घणघणत होती, दरवान ओरडत होता. राफिलिनानं हाक मारली नाही. रस्त्याच्या अलीकडून नुसते ओठ हलवले, ‘‘ये.’’

नुन्त्सियानं ते वाचलं. आणि इतकी वर्षं नुसत्या ओठांनी बोलत आलेली ती पोरगी ट्राम जायचीही वाट न बघता धावत सुटली.